मेकॅनिकच्या हत्यारपेटीचा कालनिर्णय : खुणांच्या आधारे एक ऐतिहासिक अभ्यास (विशेष संदर्भ : तळा, जि. रायगड)

प्रस्तावना :

इतिहासाची साधने म्हटली की ताम्रपट, शिलालेख, नाणी, बखरी आणि सरकारी दप्तरे यांचा प्रथम विचार होतो. राजे, सरदार, इनामदार आणि व्यापारी यांच्या इतिहासासाठी ही साधने उपयुक्त ठरली आहेत. मात्र विसाव्या शतकातील यंत्रकामगाराच्या बाबतीत ती अपुरी पडतात. गिरणीतला फिटर, रेल्वे वर्कशॉपमधला मिस्त्री, एस. टी. आगारातला मेकॅनिक किंवा भाताच्या गिरणीचे ऑइल इंजिन दुरुस्त करणारा गावचा कारागीर यांच्यापैकी फारच थोड्यांनी आपल्या आयुष्याविषयी काही लिहून ठेवले. त्यांच्या हयातीचा पुरावा अनेकदा एकाच वस्तूत साठलेला असतो आणि ती वस्तू म्हणजे हत्यारांची पेटी.

तळा हे रायगड जिल्ह्यातील, तळगडाच्या पायथ्याशी वसलेले तालुक्याचे गाव आहे. पूर्वीच्या कुलाबा जिल्ह्याच्या दक्षिण भागाप्रमाणेच या परिसरातूनही पोटासाठी मुंबईला जाण्याची परंपरा दीर्घ आहे. चाकरमानी निवृत्त होऊन गावी परतला की ट्रंक, वळकटी आणि भांडी यांच्याबरोबर त्याची हत्यारेही परत येत. काही काळ ती वापरात राहत, पुढे पेटी माळ्यावर जाई आणि मालकाच्या पश्चात तिचे दोनच मार्ग उरत. एक तर ती ‘इंग्रजांच्या काळची’ म्हणून कौतुकाने दाखवली जाई, नाही तर भंगारवाल्याला किलोच्या भावाने विकली जाई. पहिल्या मार्गात काळाचा अंदाज चुकतो, तर दुसऱ्यात पुरावाच नाहीसा होतो. या दोन्हींवर उपाय म्हणजे पेटीवरील आणि पेटीतील खुणांचे पद्धतशीर वाचन. प्रस्तुत शोधनिबंधात त्या वाचनाची रीत मांडण्याचा प्रयत्न केला आहे.

अभ्यासाची उद्दिष्टे :

१) हत्यारपेटीवर आढळणाऱ्या खुणांचे कालनिर्णयाच्या दृष्टीने वर्गीकरण करणे.
२) प्रशासकीय, औद्योगिक, कायदेविषयक व भाषिक बदलांच्या निश्चित वर्षांचा या खुणांशी संबंध जोडणे.
३) तळा व दक्षिण रायगड परिसरासाठी विशेष उपयुक्त ठरणाऱ्या खुणा दाखवून देणे.
४) कामगार-इतिहासाचे साधन म्हणून हत्यारपेटीचे महत्त्व स्पष्ट करणे.

अभ्यासपद्धती :

प्रस्तुत अभ्यास वर्णनात्मक व विश्लेषणात्मक पद्धतीचा आहे. संस्कृत ग्रंथांचा काळ ठरवताना पूर्वमर्यादा आणि उत्तरमर्यादा या दोन संज्ञा वापरल्या जातात, त्याच येथे स्वीकारल्या आहेत. एखादी वस्तू ज्या वर्षापूर्वीची असू शकत नाही ते वर्ष म्हणजे तिची पूर्वमर्यादा, आणि ज्या वर्षानंतरची असू शकत नाही ते वर्ष म्हणजे उत्तरमर्यादा. दोन्ही मर्यादा जितक्या जवळ येतील तितका कालनिर्णय नेमका होतो.

विषय विवेचन :

१. कुडे लेण्यांचा धडा

तळे तालुक्यातच मांदाड खाडीजवळ कुडे येथे २६ बौद्ध लेणी आहेत. तेथील ब्राह्मी लेखांत ‘महाभोज’ ही पदवी धारण करणाऱ्या घराण्याबरोबरच वैद्य, माळी आणि कऱ्हाडचा एक लोखंडाचा व्यापारी अशा दात्यांचे उल्लेख येतात. या लेखांचा काळ अभ्यासकांनी मुख्यतः अक्षरांच्या वळणावरून ठरवला. कोणत्या अक्षराची उभी रेघ कधी लांबली, कोणते वळण कधी गोलावले याचा क्रम इतर लेखांवरून माहीत होता आणि त्या क्रमात कुड्याचे लेख बसवण्यात आले.

हत्यारपेटीचे वाचन तत्त्वतः याहून वेगळे नाही. पेटीवर सन क्वचितच घातलेला असतो. परंतु कंपनीचे नाव, मुद्रेचा आकार, मापाची पद्धत, गावाचा पत्ता आणि शुद्धलेखनाची रीत या गोष्टी काळाबरोबर बदललेल्या असतात व त्या बदलांची वर्षे माहीत असतात. दोन हजार वर्षांपूर्वीच्या लोखंडाच्या व्यापाऱ्याचा धंदा त्याच्या लेखामुळे आज कळतो, कारण दगडावरचा तो लेख टिकला. विसाव्या शतकातील लोहारकाम व यंत्रकाम करणाऱ्यांचे ‘लेख’ लोखंडावर आणि लाकडावर आहेत आणि ते दगडाइतके टिकाऊ नाहीत.

२. पेटीचे तीन काळ

‘ही पेटी कधीची?’ हा प्रश्न वरवर एक दिसत असला तरी त्याची उत्तरे तीन असतात. पेटी तयार झाली तो निर्मितीकाळ, तिच्यात हत्यारे जमत गेली तो भरणाकाळ आणि मालकाने किंवा मालकांनी ती वापरली तो वापरकाळ. हे तीन काळ एकमेकांत मिसळले की चूक होते. पेटीत १९१० चा हातोडा सापडला म्हणून पेटी १९१० ची ठरत नाही, कारण तो हातोडा बापाचा किंवा उस्तादाचा असू शकतो. उलट पेटीत १९७० ची पक्कड असली म्हणून पेटीही १९७० चीच असेही नाही, कारण तुटलेली पक्कड बदलून नवी घेतली जाते.

जगातील दोन प्रसिद्ध उदाहरणांनी हा मुद्दा स्पष्ट होईल. स्वीडनच्या गॉटलँड बेटावर मेस्टरमिर येथे १९३६ मध्ये शेत नांगरताना ओकच्या लाकडाची एक हत्यारपेटी सापडली. ती वायकिंग काळातील, सुमारे हजार वर्षांपूर्वीची मानली जाते. इंग्लंडचे ‘मेरी रोझ’ हे जहाज १५४५ मध्ये बुडाले आणि त्यातील सुतारांच्या पेट्या हत्यारांसह सापडल्या. दोन्ही ठिकाणी पाण्याने वा चिखलाने पेटी एका क्षणी ‘बंद’ केली आणि त्यानंतर तिच्यात काही शिरले नाही. मेरी रोझवरील प्रत्येक हत्याराची उत्तरमर्यादा म्हणूनच १५४५ आहे. कोकणातील माळ्यावरची पेटी मात्र कधीच बंद झालेली नसते. मुलाने तीत खिळे टाकलेले असतात, नातवाने सायकलचा पाना ठेवलेला असतो. म्हणून अशा पेटीत पुरातत्त्वातील थरांचा विचार करावा लागतो. कोणती खूण कोणत्या खुणेवर आहे आणि कोणती कोणत्या खुणेखाली झाकली गेली आहे, हे पाहणे सर्वांत महत्त्वाचे ठरते.

३. हत्यारांवरील निर्मात्याच्या खुणा

निर्मात्याची मुद्रा ही सर्वांत सहज दिसणारी खूण होय. ब्रिटनमध्ये १८८७ चा व हिंदुस्थानात १८८९ चा व्यापारी चिन्हांचा कायदा झाल्यानंतर आयात मालावर मूळ देशाचे नाव घालण्याची प्रथा वाढीस लागली. देशांची नावेच पुढे काळाची साक्ष देऊ लागली. ‘चेकोस्लोव्हाकिया’ हे नाव १९१८ ते १९९२ या काळातलेच असू शकते. ‘पश्चिम जर्मनी’ १९४९ ते १९९० या दरम्यानची. ‘व्याप्त जपानमध्ये तयार’ अशा अर्थाची इंग्रजी मुद्रा दुसऱ्या महायुद्धानंतरच्या थोड्याच वर्षांची, १९५२ च्या आतली.

ब्रिटिश मालावर कधी नोंदणीचे चिन्ह असते. चौकटीच्या आकड्यासारखी तिरपी नोंदणीमुद्रा १८४२ ते १८८३ या काळात वापरली गेली. १८८४ पासून तिच्याऐवजी ‘आर. डी. नंबर’ अशी अक्षरे व पुढे अनुक्रमांक येऊ लागले. पेटंट क्रमांकाचे वाचन करताना एक सावधगिरी आवश्यक आहे. ब्रिटनमध्ये १९१६ पूर्वी पेटंटचे क्रमांक दरवर्षी नव्याने सुरू होत. १९१६ पासून एक लाखाच्या पुढे सलग क्रमांक दिले जाऊ लागले. म्हणून वर्ष नसलेला लहान पेटंट क्रमांक एकट्याने फारसे काही सांगत नाही.

काही कंपन्यांच्या मुद्रा विशेष बोलक्या आहेत. अमेरिकेतील स्टॅनले कंपनीच्या हत्यारांवर बदामाच्या आकृतीत ‘एस. डब्ल्यू.’ ही अक्षरे असलेली मुद्रा साधारणतः १९२० ते १९३० च्या दशकाच्या मध्यापर्यंत दिसते. १९२० मध्ये स्थापन झालेल्या स्नॅप-ऑन कंपनीने तर पान्यांवर वर्षागणिक बदलणारे छोटे चिन्ह घालण्याची पद्धत ठेवली, त्यामुळे तो पाना स्वतःच आपले वर्ष सांगतो. भारतीय मालाच्या बाबतीत महाराष्ट्राला जवळचे उदाहरण नाशिकचे आहे. टपारिया टूल्स ही कंपनी १९६५ मध्ये स्थापन झाली. तिचे नाव असलेली पक्कड किंवा स्क्रू पाना ज्या पेटीत आहे, त्या पेटीचा भरणाकाळ किमान १९६५ च्या पुढे पोहोचतो.

‘आय. एस. आय.’ ही मुद्राही उपयोगी आहे. भारतीय मानक संस्था १९४७ मध्ये स्थापन झाली, प्रमाणचिन्हांचा कायदा १९५२ मध्ये झाला आणि त्यानंतर १९५० च्या दशकाच्या मध्यापासून मालावर ही मुद्रा येऊ लागली. १९८७ मध्ये या संस्थेची जागा भारतीय मानक ब्यूरोने घेतली, तरी ‘आय. एस. आय.’ ही अक्षरे मुद्रेत कायम राहिली. म्हणून ही मुद्रा पूर्वमर्यादा देते, उत्तरमर्यादा देत नाही.

४. मापांच्या खुणा

पान्यावरील आकडा हा केवळ आकार दाखवतो असे समजले जाते, परंतु तो काळही दाखवतो. जोसेफ व्हिटवर्थ याने १८४१ मध्ये आट्यांचे प्रमाण सुचवले आणि ब्रिटिश यंत्रांबरोबर ते हिंदुस्थानात सर्वत्र पसरले. व्हिटवर्थ पान्यावरील आकडा बोल्टच्या दांड्याचा व्यास सांगतो, पान्याच्या तोंडाचे माप सांगत नाही. ‘पाव इंच डब्ल्यू’ असे लिहिलेल्या पान्याचे तोंड प्रत्यक्षात ०.५२५ इंच असते. दुसऱ्या महायुद्धात पोलाद वाचवण्यासाठी ब्रिटनमध्ये बोल्टची षटकोनी डोकी एक पायरी लहान करण्यात आली. याउलट ‘ए. एफ.’ अक्षरे असलेल्या पान्यावरील आकडा तोंडाचेच माप देतो. अमेरिकी वाहनांबरोबर ही पद्धत येथे आली. १९४८ च्या सुमारास अमेरिका, ब्रिटन व कॅनडा यांनी आट्यांचे समान प्रमाण स्वीकारल्यावर ती अधिक रूढ झाली.

मिलिमीटरचे पाने आले की संशोधक लगेच १९५६ च्या वजन-मापांच्या कायद्याचे नाव घेतो. या कायद्याने देशात मेट्रिक पद्धत आली आणि १९५८ पासून तिची अंमलबजावणी सुरू झाली हे खरे आहे. पण मेकॅनिकच्या पेटीत मिलिमीटर त्याआधीही येऊ शकतो. जमशेदपूर येथे जर्मन सहकार्याने टाटा-मर्सिडीज ट्रकचे उत्पादन १९५४ मध्ये सुरू झाले आणि त्या ट्रकचे नट-बोल्ट मेट्रिक होते. म्हणजे सरकारी तराजूपूर्वी ट्रकच्या इंजिनाने मेकॅनिकला मिलिमीटर शिकवला. उलट दिशेने पाहिले तर सुतारकामात इंच आजही चालतो. तेव्हा पेटीच्या फळ्या पूर्ण इंचात कापल्या आहेत यावरून ती कायद्यापूर्वीची ठरवणे धाडसाचे होईल.

या मापांवरून पेटीच्या मालकाचे कामही कळते. केवळ व्हिटवर्थ पाने असलेली पेटी जुन्या ब्रिटिश यंत्रांवर काम करणाऱ्याची, बहुधा गिरणीतल्या किंवा वर्कशॉपमधल्या फिटरची. ए. एफ. आणि मिलिमीटर एकत्र असलेली पेटी मोटारींवर काम करणाऱ्याची. तिन्ही प्रकार असतील तर त्या माणसाने एका आयुष्यात यंत्रांच्या तीन पिढ्या हाताळल्या, असे अनुमान करता येते.

५. मालकसंस्थेच्या खुणा

कारखान्याच्या मालकीच्या हत्यारांवर संस्थेची आद्याक्षरे ठोकलेली असत. ग्रेट इंडियन पेनिन्सुला रेल्वेची पहिली गाडी १६ एप्रिल १८५३ रोजी बोरीबंदर ते ठाणे धावली. तिचे परळचे वर्कशॉप १८७९ मध्ये सुरू झाले. ‘जी. आय. पी. आर.’ ही अक्षरे ५ नोव्हेंबर १९५१ नंतर नव्याने ठोकली जाण्याचे कारण उरले नाही, कारण त्या दिवशी मध्य रेल्वे अस्तित्वात आली. पश्चिम रेल्वेची स्थापनाही त्याच दिवशीची असल्याने ‘बी. बी. अँड सी. आय.’ या अक्षरांनाही तीच उत्तरमर्यादा लागू पडते. रोहा-माणगाव भागात १९८० च्या दशकापर्यंत रेल्वे आलेलीच नव्हती आणि कोकण रेल्वे पूर्ण मार्गावर १९९८ मध्ये धावू लागली. तळ्यातील घरात ‘जी. आय. पी. आर.’ मुद्रेचा हातोडा आढळल्यास तो कोणीतरी मुंबईहून आणला, हे त्यामुळे सहज सिद्ध होते.

एस. टी. ची पहिली बस १ जून १९४८ रोजी पुणे-अहमदनगर मार्गावर धावली. मुंबई राज्य मार्ग परिवहन महामंडळाचे महाराष्ट्र राज्य निर्माण झाल्यावर १९६१ मध्ये महाराष्ट्र राज्य मार्ग परिवहन महामंडळ झाले. त्यामुळे ‘बी. एस. आर. टी. सी.’ आणि ‘एम. एस. आर. टी. सी.’ यांतील एका अक्षराचा फरक कालनिर्णयाला पुरेसा ठरतो. गिरण्यांच्या बाबतीत राष्ट्रीय वस्त्रोद्योग महामंडळ १९६८ मध्ये स्थापन झाले आणि १९७४ च्या कायद्याने अनेक आजारी गिरण्या राष्ट्रीयीकृत झाल्या. ‘एन. टी. सी.’ ही अक्षरे अर्थातच त्यानंतरची.

सर्वच आद्याक्षरे मात्र इतकी सरळ नसतात. ‘बेस्ट’ हे त्याचे उत्तम उदाहरण. १९०५ मधील कंपनीच्या नावात शेवटचा ‘ट’ ट्रामवेचा होता. १९४७ मध्ये ती महापालिकेकडे आल्यावर तो ट्रान्सपोर्टचा झाला. १९९५ नंतर पहिला ‘ब’ बॉम्बेऐवजी बृहन्मुंबईचा झाला. चार अक्षरे तीच राहिली. केवळ ही अक्षरे असलेली छन्नी शंभराहून अधिक वर्षांच्या अवधीत कोठेही बसू शकते.

लष्करी हत्यारांवर बाणाचे चिन्ह व अनेकदा वर्षही असते. ‘१९४३’ आणि बाण असलेला पाना १९४३ मध्ये बनला हे निश्चित. पण तो खाजगी पेटीत आला तो बहुधा युद्ध संपल्यावर, लष्कराचा शिल्लक माल ‘डिस्पोजल’मध्ये विकला गेला तेव्हा. निर्मितीचे वर्ष आणि पेटीत येण्याचे वर्ष यांत असे अंतर गृहीत धरावेच लागते.

येथे एक नैतिक मुद्दा नोंदवणे आवश्यक आहे. संस्थेची अक्षरे असलेले हत्यार कामगाराच्या घरी आढळले म्हणजे ते गैरमार्गाने आले, असा निष्कर्ष काढणे अयोग्य आहे. निकामी ठरवलेल्या मालाचा लिलाव, निवृत्तीच्या वेळी मिळालेली भेट, चोरबाजारातील खरेदी, सहकाऱ्याकडून मिळालेले हत्यार असे अनेक मार्ग संभवतात. या संशयाच्या भीतीने वारसांना अक्षरे कानशीने घासून टाकावीशी वाटतात आणि नेमका सर्वांत मोलाचा पुरावा नष्ट होतो. संशोधकाने पहिल्या भेटीतच ही भीती दूर करावी.

६. पत्ता, भाषा आणि लिपी

झाकणाच्या आत रंगाने लिहिलेला नाव-पत्ता हा दक्षिण रायगडातील पेट्यांच्या कालनिर्णयाचा सर्वांत नेमका आधार ठरू शकतो. याचे कारण या भागाच्या प्रशासकीय इतिहासात आहे. तळे पूर्वी कुलाबा जिल्ह्याच्या माणगाव तालुक्यात होते. १ जानेवारी १९८१ रोजी कुलाबा जिल्ह्याचे नाव रायगड झाले. १९९९ मध्ये तळा हा स्वतंत्र तालुका झाला. त्यामुळे पत्त्याचे तीन स्पष्ट थर पडतात :

• ‘ता. माणगाव, जि. कुलाबा’ – १९८० अखेरपर्यंत.
• ‘ता. माणगाव, जि. रायगड’ – १९८१ ते १९९९.
• ‘ता. तळा, जि. रायगड’ – १९९९ नंतर.

मधला थर जेमतेम अठरा वर्षांचा आहे. एखाद्या वस्तूचा काळ इतक्या अरुंद अवधीत बसवणारी खूण विरळाच. शेजारच्या म्हसळा, श्रीवर्धन व मुरूड भागातील पेटीवर ‘जंजिरा संस्थान’ असा उल्लेख असेल तर तो १९४८ मधील विलीनीकरणापूर्वीचा समजावा. पत्त्यात सहा आकडी पिनकोड असेल तर तो १५ ऑगस्ट १९७२ नंतरचा, कारण त्या दिवशी ही पद्धत सुरू झाली. त्याआधी मुंबईच्या पत्त्यात ‘मुंबई ४’, ‘मुंबई १२’ असा केवळ विभाग क्रमांक असे. अर्थात लोकांच्या जिभेवरचे व हातातले नाव सरकारी राजपत्राच्या दिवशी बदलत नाही. ‘कुलाबा’ लिहिण्याची सवय १९८१ नंतरही काही काळ टिकली असणार. नवे नाव भक्कम पूर्वमर्यादा देते, जुने नाव मात्र सैल उत्तरमर्यादाच देते, हा भेद सदैव लक्षात ठेवावा.

शुद्धलेखनाचाही असाच उपयोग होतो. मराठी साहित्य महामंडळाचे नियम १९६२ मध्ये शासनाने स्वीकारले आणि अनुच्चारित अनुस्वार लेखनातून गेले. ‘गांव’, ‘नांव’, ‘तळें’, ‘माणगांव’ ही रूपे जुन्या वळणाची. परंतु या रूपांवरून लेखनाचे वर्ष कळत नाही, लिहिणाऱ्याचे शालेय वय कळते. १९५० मध्ये शाळा सोडलेला माणूस १९७५ मध्येही ‘माणगांव’ असेच लिहील. मोडीतील नावाबाबतही हेच म्हणता येईल. विसाव्या शतकाच्या मध्यानंतर शाळांतून मोडी मागे पडली, तरी मोडी शिकलेला हात ती लगेच विसरला नाही.

दुकानदाराच्या चिठ्ठीवरील किंमत हाही चांगला आधार आहे. रुपये-आणे-पै असा हिशेब १ एप्रिल १९५७ पूर्वीचा. ‘नये पैसे’ असा उल्लेख १९५७ ते १९६४ या सात वर्षांचा. त्यानंतर केवळ ‘पैसे’.

७. पेटीच्या बांधणीतील खुणा

पेटीचे लाकूड सागाचे असेल तर काळाविषयी फारसे सांगत नाही. पण अनेक कारागिरांनी आयात यंत्रांच्या खोक्यांच्या फळ्या वापरून पेट्या केल्या. अशा फळीच्या आतल्या बाजूस बंदराचे नाव, कंपनीचे नाव किंवा वजनाचा आकडा काळ्या शाईत छापलेला असतो. ही खूण पेटीपेक्षा जुनी असल्याने पेटीची पूर्वमर्यादा ठरवते. बिजागरीचे स्क्रू अधिक चिन्हाच्या खाचेचे असतील तर ते १९३० च्या दशकाच्या मध्यानंतरचे, कारण अशा स्क्रूचे फिलिप्स पेटंट त्या सुमारास झाले. मात्र बिजागरी मूळची आहे की नंतर बदललेली, हे जुन्या भोकांवरून तपासले पाहिजे. कुलूप तर सर्वांत जास्त वेळा बदलते, म्हणून कुलपावरून पेटीचा काळ ठरवू नये.

८. एक नमुना वाचन

वरील तत्त्वे एकत्र कशी वापरावीत हे दाखवण्यासाठी एक काल्पनिक पेटी घेऊ. झाकणाच्या आत ‘ता. माणगांव, जि. कुलाबा’ असा रंगवलेला पत्ता आहे. आतील फळीवर मुंबईच्या दुकानाची चिठ्ठी असून तिच्यावर किंमत रुपये-आण्यांत आहे. चिठ्ठीचा अर्धा भाग हत्यारांच्या कप्प्याच्या पट्टीखाली झाकला गेला आहे. पेटीत ‘जी. आय. पी. आर.’ हातोडा, बाण व १९४३ असलेला पाना, व्हिटवर्थ पान्यांचा संच आणि एक टपारिया पक्कड आहे.

दुकानदाराने पेटी विकताना चिठ्ठी चिकटवली असे मानल्यास पेटीची खरेदी १९५७ पूर्वीची. कप्प्याची पट्टी चिठ्ठीवर बसलेली असल्याने कप्पा खरेदीनंतर मालकाने स्वतः केला. हातोडा १९५१ पूर्वी ठोकलेला, पाना युद्धानंतर आलेला. पक्कड १९६५ नंतरची, म्हणजे त्या वर्षानंतरही पेटी वापरात होती. पत्ता जिल्ह्याच्या नामांतरापूर्वीचा. यावरून पेटी १९५७ पूर्वी घेतली गेली, बहुधा मुंबईत, रेल्वे वर्कशॉपशी संबंध असलेल्या माणसाने. किमान १९६५ पर्यंत ती वापरात राहिली आणि गावचा पत्ता तीवर १९८१ च्या आधी लिहिला गेला. ‘इंग्रजांच्या काळची पेटी’ या विधानापेक्षा हे वाचन कमी भव्य असले तरी अधिक खरे आहे. त्यातून एका माणसाची कामाची वर्षे दिसू लागतात.

९. नोंदणीची रीत

पेटी उघडण्यापूर्वी आणि उघडल्यावर हत्यारे जागच्या जागी असताना छायाचित्रे घ्यावीत. तारेचा ब्रश, पॉलिश पेपर किंवा आम्ल यांचा वापर टाळावा, कारण उथळ मुद्रा गंजाबरोबर निघून जाते. मऊ कापड व थोडे तेल पुरेसे होते. अस्पष्ट अक्षरांवर तिरपा प्रकाश टाकावा किंवा पातळ कागद ठेवून पेन्सिलीने ठसा घ्यावा. शिलालेखाचा ठसा घेण्यामागील तत्त्वही हेच आहे. प्रत्येक खुणेची नोंद करताना ती मूळची की नंतरची, कोणत्या खुणेच्या वर वा खाली आहे, हे लिहावे. सर्वांत शेवटी घरातील वडीलधाऱ्यांना विचारावे. आधी विचारल्यास त्यांनी सांगितलेले वर्ष संशोधकाला खुणांतही दिसू लागते.

मालकाने पंचाने ठोकलेली स्वतःच्या नावाची अक्षरे किंवा गिरणीचा तिकीट नंबर या खुणांना काळाचा कोणताही निश्चित आधार नसतो. तरीही त्यांची नोंद सर्वांत काळजीपूर्वक व्हावी. कंपनीची मुद्रा हजारो पान्यांवर असते, ती दोन अक्षरे मात्र एकाच हाताची असतात.

निष्कर्ष :

१) हत्यारपेटीला एकच वय नसते. निर्मितीकाळ, भरणाकाळ आणि वापरकाळ हे स्वतंत्रपणे ठरवले पाहिजेत.
२) सर्वांत जुनी खूण पेटीचा काळ सांगत नाही. पेटीच्या मूळ बांधणीशी जोडलेली सर्वांत अलीकडची खूण तिची पूर्वमर्यादा ठरवते.
३) नव्या नावाची खूण भक्कम पूर्वमर्यादा देते, तर जुन्या नावाची खूण सैल उत्तरमर्यादा देते.
४) तळा परिसरात १९८१ चे जिल्हा नामांतर व १९९९ ची तालुकानिर्मिती यांमुळे पत्ता ही कालनिर्णयाची विशेष उपयुक्त खूण ठरते.
५) संस्थांच्या मुद्रा काळाबरोबरच स्थलांतराचा मार्गही दाखवतात. लिखित नोंदी नसलेल्या कामगारांसाठी हा मार्ग महत्त्वाचा आहे.

१८ जानेवारी १९८२ रोजी सुरू झालेल्या मुंबईतील गिरणी संपात सुमारे अडीच लाख कामगार सहभागी झाले आणि त्यानंतर अनेकांना गिरणीचे दार पुन्हा उघडले नाही. त्यांच्यापैकी कोकणात परतलेल्यांची पिढी आता वृद्धापकाळात आहे किंवा निघून गेली आहे. बंद गिरण्यांच्या जागी इमारती उभ्या राहिल्या, यंत्रे भंगारात गेली. पेट्यांची नोंद होण्यास फार थोडा अवधी उरला आहे. तालुक्यातील महाविद्यालयांच्या इतिहास विभागांनी विद्यार्थ्यांच्या प्रकल्पांतून आपापल्या गावातील अशा पेट्यांची खुणांसह सूची केल्यास स्थानिक इतिहासाला एक नवे साधन उपलब्ध होईल. त्यासाठी मोठ्या निधीची गरज नाही. कागद, पेन्सिल, मोजपट्टी आणि घरातल्या माणसांचा विश्वास एवढी सामग्री पुरेशी आहे.